सात भाग चांदी, तीन भाग तांबे

देवीचा कान गळला तो १९३४ सालच्या भाद्रपदात, भर दुपारी. खामगावच्या चांदीच्या बाजारात शालिग्रामचं लहानसं दुकान होतं. दुकानामागच्या अंधाऱ्या खोलीत त्याची वहिनी मनकर्णाबाई शेगडीपाशी बसून मुखवट्याच्या गालावरची चीर सांधत होती. चिरेवर तिने धातू साफ ठेवणारा टाकणखार लावला, डाखाचे बारीक तुकडे ठेवले आणि फुंकणी तोंडाला लावली. डाख म्हणजे सांधे जोडायची मिश्र चांदी. ती शुद्ध चांदीच्या आधी वितळते आणि फटीत शिरून बसते. तुकडे चमकले, त्यांचं पाणी झालं, ते चिरेत धावले. त्याच क्षणी मुखवट्याचा डावा कान जागेवरून सरकला आणि निखाऱ्यांत पडला.

कानाच्या सांध्यावर तिने ओल्या मातीचा लेप दिला होता. पण चांदीचा पातळ पत्रा उष्णता लगेच पुढे नेतो. लेप सुकून तडकला होता. तिने चिमट्याने कान उचलला, राखेत ठेवला आणि शालिग्रामला हाक मारली.

मुखवटा रोहिणखेडजवळच्या एका खेड्यातल्या रामराव पाटलांच्या घरचा होता. वर्षभर तो पेटीत असे आणि नवरात्रात नऊ दिवस बाहेर निघे. रामरावांची आई झुंबरबाई छकड्यात बसून स्वतः खामगावला आली. तिने मुखवटा एका फडक्यात बांधला, कान दुसऱ्या फडक्यात, आणि मनकर्णाबाईकडे पाहिलं.

"माह्या देवीचा कान तुनं पाडला," ती म्हणाली. "विधवा बाईच्या हातात इस्तू द्यायचा नसते, हे मले आधीच समजायले पाहिजे होतं."

शालिग्राम हात जोडून उभा राहिला.

ती सोनाराचीच मुलगी. तिचा नवरा कडूबा तापाने गेला तेव्हा ती चोवीस वर्षांची होती, मूलबाळ नव्हतं. कडूबाच्या हयातीत ती सांधे जोडायला शिकली होती, कारण त्याला फुंकणीने खोकला येई. शालिग्रामचा हात नक्षीत चांगला, पण आगीशी त्याचं जमत नसे. म्हणून तो पुढे बसे आणि ती मागे. गिऱ्हाइकांना हे ठाऊक होतं, पण कुणी त्याबद्दल बोलत नसे. कान गळल्यावर मात्र सगळेच बोलू लागले. देवाची भांडी, टाक, मुखवटे दुकानात यायचे बंद झाले. जोडवी आणि करदोडे तेवढे राहिले.

तिला स्वतःला लोकांच्या बोलण्यापेक्षा दुसऱ्याच गोष्टीने छळलं. दुकानातला डाख सासऱ्याच्या वेळेपासून एकाच मापाचा होता: सात भाग चांदी, तीन भाग तांबे. चांदी वितळवायला आग जबर लागते. तांब्याला तर त्याहून जबर. मग दोन्ही एकत्र केल्यावर ती दोघांच्याही आधी का वितळतात? तिने सासऱ्याला एकदा विचारलं होतं. तो म्हणाला होता, असंच असते. तेव्हा तिला ते पुरलं होतं.

दोन वर्षांनी, १९३६ च्या पावसाळ्यात, अर्जुनराव नावाचे एक मास्तर दुकानात आले. ते मूळचे बीबी गावचे, अमरावतीला शिकलेले, आणि इथल्या एका शाळेत सायन्स शिकवत. शाळेच्या प्रयोगाचं तांब्याचं भांडं गळत होतं. मनकर्णाबाईने ते जोडून दिलं. मास्तर सांधा निरखत असताना तिने दाराआडूनच विचारलं,

"मास्तर, तुमी शिकलेले आहा. दोन हट्टी धातू एका जागी आले का नरम काऊन पडतात?"

मास्तरांनी भांडं खाली ठेवलं. "तुम्ही कुल्फीवाल्याला बर्फात मीठ टाकताना पाह्यलं का?"

"हाव. मिठानं बर्फ लवकर पाझरते."

"मीठ एकटं आगीवर ठेवलं तर वितळते का?"

"नाही. तडतडते नुसतं."

"तसंच हे. घट्ट पदार्थाचे कण एका ठरलेल्या रांगेत बसलेले असतात. पातळ झाले की रांग मोडते. दुसरा पदार्थ त्या पातळात मिसळला की पुन्हा रांग लावणं कठीण होते. म्हणून ते जास्त थंडाव्यापर्यंत पातळच राहते. पण किती मिसळलं की किती फरक पडतो, हे मोजून पाहावं लागते. पाहायचं का आपण?"

शालिग्रामला हे फारसं रुचलं नाही, पण मास्तर शाळेचा तराजू आणणार म्हटल्यावर तो कबूल झाला. पुढच्या रविवारी मनकर्णाबाईने ज्वारीच्या दाण्याएवढे अकरा मणी केले. पहिला निव्वळ चांदीचा, दुसऱ्यात नऊ भाग चांदी आणि एक भाग तांबे, तिसऱ्यात आठ आणि दोन, असं करत शेवटचा निव्वळ तांब्याचा. मातीच्या जाड ताटलीत तिने खळगे करून ते ओळीने मांडले, वर टाकणखार शिंपडला, भोक पाडलेलं झाकण ठेवलं आणि ताटली निखाऱ्यांत पुरली. दार लावून घेतलं. शालिग्राम भाता हलवू लागला, मास्तर पेन्सिल घेऊन बसले आणि ती भोकातून पाहू लागली.

बराच वेळ नुसता लालिमा चढत गेला. मग ती एकदम म्हणाली, "घाम फुटला."

"कोणत्याले?" शालिग्रामने विचारलं.

"समद्याईले. दोन्ही टोकाचे सोडून. एकाच टायमाले."

मास्तरांनी लिहिणं थांबवून स्वतः वाकून पाहिलं. मधले सगळे मणी बाहेरून ओलसर चमकत होते, आणि चौथा, सात भाग चांदीचा, जवळजवळ तेवढ्याच वेळात पूर्ण पाणी होऊन गोल बसला होता. बाकीच्यांचा लगदा झाला होता. सळईने टोचलं तर ओल्या वाळूसारखे दबत. भाता जोराने हलू लागला तसे चौथ्याच्या दोन्ही बाजूंचे मणी पातळ झाले, मग त्यांच्या पलीकडचे. चांदीचा मणी फार उशिरा वितळला. तांब्याचा वितळलाच नाही. शालिग्रामचा दंड भरून आला.

मास्तरांनी गेरूने भिंतीवर दोन रेघा काढल्या. आडव्या रेघेवर मापं मांडली, डावीकडे चांदी, उजवीकडे तांबे. उभ्या रेघेवर आगीची चढण. मग प्रत्येक मणी कोणत्या क्रमाने पूर्ण पाणी झाला तिथे ठिपका दिला आणि ठिपके जोडले. डावीकडून रेघ उतरत आली, चौथ्या मण्यापाशी तळाला टेकली आणि उजवीकडे वर चढत गेली. तळातून त्यांनी एक आडवी रेघ ओढली.

"ही आडवी रेघ म्हणजे तुमचा घाम," ते म्हणाले. "हिच्या खाली सगळं घट्ट. वरच्या दोन चढणींच्या वर सगळं पातळ. मधे अडकला तो लगदा."

मनकर्णाबाईने त्या चित्रावरून बोट फिरवलं. कडूबाने एकदा तिला बुलढाण्याच्या घाटात नेलं होतं. एका अंगाने उतरायचं, तळाशी ओढा, दुसऱ्या अंगाने चढायचं. हे तसंच होतं. आणि सासऱ्याचा डाख नेमका ओढ्यात बसला होता.

मग तिला मुखवटा आठवला असावा, कारण ती म्हणाली, "कान ज्यानं जोडला होता, त्याचाही डाख हाच असन. मी तोच वापरला. एक वितळला तवा दुसरा वितळनारच."

"मग याच्याहून खालचं काहीतरी पाहिजे."

"याच्या खाली तर काही नाहीच चित्रात."

"दोन धातूंत नाही," मास्तर म्हणाले. "तिसरा घातला तर आहे. पण त्याचं चित्र या भिंतीवर मावणार नाही."

तिसरा म्हणजे जस्त, आणि ते पितळेत असतं एवढं तिला ठाऊक होतं. पुढचे पाच रविवार गेले. तिने डाखात कमी-जास्त पितळ घालून मणी केले आणि प्रत्येक वेळी शेजारी जुन्या डाखाचा एक मणी ठेवला. अट एकच: नवा वितळावा तेव्हा जुना कोरडा असावा. यात एक नवी अडचण निघाली. पितळेचा मणी लवकर पातळ होई, पण तसाच आगीवर राहिला तर त्यातून पांढरा धूर निघे. जस्त वाफ होऊन उडून जाई. मग तोच मणी दुसऱ्यांदा वितळायला जास्त आग मागे. मास्तरांना खोकल्याची उबळ आली, त्यांनी दार उघडलं.

"म्हणजे एका झटक्यात झालं पाहिजे," ती म्हणाली. "दुसरा मोका नाही."

मुखवट्याची मागची दोन नवरात्रं पेटीत गेली होती. अकोल्याच्या एका कारागिराने तो पाहून परत दिला होता. तिसरं नवरात्र आठ दिवसांवर आलं तेव्हा मनकर्णाबाई शालिग्रामला म्हणाली, "भाऊजी, गाडी सांगा. रोहिणखेडकडं जायाचं हाय."

"वैनी, ते लोकं दारात उभं करनार नाहीत."

"नसन करत तर वापस येऊ."

झुंबरबाईने त्यांना दारात उभं केलं. तिथेच सगळं ऐकून घेतलं. निर्णय रामरावांचा नव्हता, आईचा होता. म्हातारीने विचारलं, "पुन्हा पडला तं?"

"तं पडला," मनकर्णाबाई म्हणाली. "मी खोटं नाही बोलत. पण दावतो तुमाले आधी."

तिने अंगणात शेगडी मांडली. मातीच्या लहान ताटलीत दोन मणी ठेवले आणि म्हातारीला जवळ बसवलं. उजेडात नीट दिसेना, म्हणून शेगडी ओसरीच्या कोपऱ्यात नेऊन वर घोंगडी धरली. एक मणी वितळला, दुसरा तसाच राहिला. झुंबरबाईने ते तीनदा करायला लावलं. तिसऱ्यांदा तिने स्वतः सळईने टोचून पाहिलं. मग आत गेली आणि दोन्ही फडकी घेऊन आली.

काम धान्याच्या खोलीत, दार लावून झालं. फुंकणीचा झोत मनकर्णाबाईने आधी लांबून सगळ्या मुखवट्यावर फिरवला, मग कानापाशी आणला. तुकडे फुगले, बसले, धावले. तिने झोत तिथेच तोडला. शालिग्रामने धरलेला चिमटा जरासा सरकला, त्यामुळे कान गव्हाच्या दाण्याएवढा खाली बसला. पण उजवा कान, नाक आणि गालावरची चीर जागची हलली नाही.

झुंबरबाईने मुखवटा चिंचेच्या पाण्याने धुतला, उंबऱ्यात नेऊन उजेडात धरला.

"डावा कान खाली आहे," ती म्हणाली.

"हाव. खाली आहे."

"पुन्हा वर नाही होनार?"

"होईन, पण मी हात नाही लावनार. जस्त उडालं आता. हा सांधा सोडवायले जेवढी आग लागन, तेवढीत बाकीचे सांधेही सुटतीन."

म्हातारीने मुखवटा फडक्यावर ठेवला. मग सुनेला हाक मारून म्हणाली, "या दोघाईले भाकर वाढ."

परतताना गाडीत मनकर्णाबाईला रडू आलं. शालिग्रामने बैलांकडे पाहत राहणं पसंत केलं.

मुखवटे लगेच परत येऊ लागले असं झालं नाही. पहिल्या वर्षी एक टाक आला. पुढच्या वर्षी मोताळ्याकडून एक प्रभावळ. अर्जुनराव मास्तरांची १९३९ मध्ये वाशीमला बदली झाली. भिंतीवरचं चित्र दिवाळीच्या सफेदीत गेलं. मनकर्णाबाईने ते पुन्हा काढलं नाही, तिला त्याची गरज उरली नव्हती. फळीवर चार डब्या असत, डाव्या टोकाला सगळ्यात जबर डाख आणि उजव्या टोकाला सगळ्यात नरम. एकाच वस्तूला चार सांधे असले तर ती डावीकडून सुरुवात करी, म्हणजे पुढच्या आगीत आधीचा सांधा सुटत नसे.

बाजारातले दुसरे कारागीर तिच्याकडे मापं विचारायला येत. ती सांगे, काही लपवत नसे. पण पितळ दर खेपेला वेगळं येतं, एकात जस्त जास्त, एकात कमी, म्हणून सांगितलेल्या मापावर विसंबू नका, असंही सांगे. ती स्वतः नवं पितळ आलं की मातीची ताटली काढी, जुना मणी आणि नवा मणी शेजारी ठेवी आणि झाकणाच्या भोकाला डोळा लावून बसे.