ट्रेवरचं नाव

"नऊ टक्के," असं म्हणून मी कागद पाटकर साहेबांच्या टेबलावर ठेवला. "यमुना आणि तिच्या पाड्यावरच्या तिघी. चौघी मिळून शंभरात नऊ पीस रिजेक्ट. जुन्या बायकांचे साडेतीन."

पाटकर साहेब आमचे प्लांट मॅनेजर. "म्हणजे शनिवारी चौघींना नाही म्हणायचं?"

"आकडे तेच सांगतात."

मुरबाडच्या एमआयडीसीत आमची फॅक्टरी रबराच्या रिंगा बनवते. नळातून, पंपातून पाणी गळू नये म्हणून बसवतात त्या. साच्यातून निघालेल्या रिंगेच्या कडेला रबराचा पातळ पापुद्रा राहतो. त्याला फ्लॅश म्हणतात. तो हाताने कापायचा, म्हणजे ट्रिमिंग. फ्लॅश जास्त राहिला किंवा कापताना रिंगेला चीर गेली, की पीस रिजेक्ट. ही शेवटची तपासणी माझी. त्यात बावीस वर्षं झाली.

म्हसा गावाच्या पुढच्या पाड्यावरून आलेल्या या चौघींचं तीन महिन्यांचं ट्रायल शनिवारी संपत होतं. एरवी भात काढून झालं की त्या घरदार घेऊन वीटभट्टीवर जात. यंदा या कामाच्या भरवशावर गेल्या नव्हत्या.

साहेबांनी यमुनाला बोलावून आकडा सांगितला. ती गयावया करेल असं मला वाटलं होतं. ती म्हणाली, "साहेब, हे मोरे साहेब रिंग बगायच्या आदी टॅग बगतात."

प्रत्येक ट्रेवर काम करणारीच्या नावाचा टॅग असतो.

"मी भिंगाने तपासतो, बाई," मी म्हणालो. "भिंगाला नाव दिसत नाही."

"भिंगाला नाय दिसत. तुमाला दिसतंय ना!"

साहेब हसले. मला ते आवडलं नाही.

दुसऱ्या दिवशी साहेबांनी दोनशे-दोनशे रिंगांचे दोन ट्रे माझ्याकडे पाठवले. एकावर सुमनताईंचा टॅग, एकावर यमुनाचा. सुमनताई ट्रिमिंगमधल्या सर्वांत जुन्या. त्यांच्या ट्रेतून सात रिंगा काढल्या, यमुनाच्या ट्रेतून एकोणीस. कागद घेऊन मी जरा ऐटीतच केबिनमध्ये गेलो. तिथे दोघी आधीच उभ्या होत्या.

"मोरे," साहेब म्हणाले, "टॅग मी उलटे लावले होते."

आधी सुमनताईंना कळलं. "म्हणजे माझ्यातले एकोणीस काढले? अवो भाऊ, वीस वर्षात माझे एका ट्रेत दहा नाय निघाले!"

यमुना छताकडे बघत होती. हसू दाबत असावी.

मी म्हणालो, एका ट्रेवरून काही सिद्ध होत नाही. तत्त्व म्हणून ते बरोबरच आहे, फक्त ते मला फार सोयीच्या वेळी सुचलं. मग ठरलं, की शनिवारपर्यंत ट्रेवर नाव नाही, फक्त नंबर. कोणता नंबर कोणाचा ती यादी साहेबांच्या ड्रॉवरमध्ये.

त्या रात्री जेवताना मी विचार केला, की मी खोटं तर काही लिहिलं नव्हतं. मग फरक आला कुठून? सकाळी त्या एकोणीस रिंगा पुन्हा काढून बसलो. चीर गेलेल्या सहा. उरलेल्या तेरा काठावरच्या होत्या. फ्लॅश होता, पण रिंगेच्या ड्रॉइंगमध्ये जेवढा चालतो असं लिहिलंय तेवढाच. सुमनताईंचं नाव असतं तर मी त्यांवर नुसता अंगठा फिरवून पास केल्या असत्या. यमुनाचं नाव दिसलं म्हणून भिंग उचललं. नियम एकच होता. मी तो एकीला अंगठ्याने लावत होतो आणि दुसरीला भिंगाने.

हे कधीपासून, तेही आठवलं. म्हशाच्या जत्रेला या चौघी दोन दिवस आल्या नव्हत्या. 'यांचं कामात लक्ष नाही,' असं मी तेव्हाच मनात नोंदवलं. सुमनताईही दोन दिवस नव्हत्या. मीही अर्धा दिवस टाकून त्याच जत्रेत घोंगडी घ्यायला गेलो होतो. ते मात्र नोंदवायचं राहिलं.

शनिवारी ड्रॉवर उघडला. सुमनताई चार टक्के. यमुना साडेतीन. बाकीच्या तिघींपैकी दोघी चारच्या आत. तिसरी, सखू, खरोखरच आठावर होती. नाव झाकल्याने खरी चूक झाकली जात नाही, हेही तेव्हा कळलं. तिघी कायम झाल्या. सखूला पॅकिंगला घेतलं. "बरं झालं गो," ती यमुनाला म्हणाली, "त्या कातरीनं माझा हात सुजत होता." हे तिला तीन महिन्यांत कोणी विचारलं नव्हतं. विचारायचं काम माझं होतं.

मी यमुनाला म्हणालो, "चूक माझी होती."

"कागदावर लिवा, साहेब," ती म्हणाली. "आमचा रिजेक्शन लिवला होता तसा."

लिहिलं. सही केली.

आता आमच्याकडे ट्रेवर फक्त नंबर असतो, तोही रोज बदलतो, आणि काठावरची रिंग कोणाचीही असो, गेजने फ्लॅश मोजूनच ठरते. आठवड्यातून एकदा साहेब मीच पास केलेल्या पन्नास रिंगा न सांगता परत माझ्याकडे पाठवतात. मागच्या वेळी त्यातल्या तीन मी रिजेक्ट केल्या.

मनातला ग्रह गेला का, असं कोणी विचारलं तर मी हो म्हणणार नाही. नंबर बघून यातला यमुनाचा ट्रे कोणता, हे मी अजून मनात ताडत असतो. नंतर साहेबांच्या यादीशी पडताळूनही बघितलं. चारांत तीनदा चुकतो. म्हणून नावं झाकलेलीच बरी.