दोन घरांचे दहा राजे

मला राजेमंडळींचं फारसं कौतुक नाही, हे आधीच सांगून टाकते. शाळेत सनावळ्या पाठ करताना माझं डोकं उठायचं आणि परीक्षेत मी एकाचा मुलगा दुसऱ्याच्या पदरात टाकून यायचे. तरी आज मला झोपेतून उठवून विचारा, हजार वर्षांपूर्वी स्कॉटलंडच्या गादीवर कोण कुणाच्या मागून बसला आणि कोण कसा मेला. घडाघडा सांगेन. नावं तेवढी विचारू नका. ती माझ्या तोंडात बसत नाहीत, म्हणून मी त्यांना गोसावी, पूलवाला, सफरचंदवाला असं काहीबाही म्हणते.

सोलापुरात अक्कलकोट रोडला आमचा चादरींचा कारखाना आहे. आमचा म्हणजे मालकांचा, पण अकरा वर्षं एका जागी घालवल्यावर माणूस 'आमचा'च म्हणतो. मालकांना सगळे अण्णा म्हणतात. ती अकरा वर्षं मी तपासणीच्या टेबलावर काढली. मागावरून उतरलेली चादर उजेडात पसरायची, सुटलेला धागा, फाटकी नक्षी, काठातला फरक शोधायचा आणि खडूनं खूण करायची. माझ्या नजरेतून चूक सुटायची नाही आणि याचा मला गर्व होता. होता काय, आहे.

पण जीव सगळा डिझाइनच्या खोलीत. तिथं आमचा डिझायनर कॉम्प्युटरवर चौकटी भरून नक्षी काढायचा. त्या नक्षीप्रमाणं पुठ्ठ्याच्या कार्डांना भोकं पाडायची, ती कार्डं मागाच्या डोक्यावर फिरायला लागायची आणि खाली चादरीत मोर उमटायचा. जेवणाच्या सुटीत मी डबा घेऊन तिकडंच जायचे आणि त्याच्या पाठीमागं उभी राहून शिकायचे. माणूस दिलदार, त्यानं शिकवताना हात आखडता घेतला नाही. मग जास्त पगारावर तो इचलकरंजीला गेला. खोली रिकामी झाली त्याच दिवशी मी अण्णांपुढं जाऊन उभी राहिले.

"तुला चूक काढता येती," अण्णा म्हणाले. "नक्षी काढणं येगळं हाय की."

"एक ऑर्डर देऊन बघा."

त्यांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला. "एकच. जमली तर बस तितं. न्हाय जमली तर परत टेबल, आन् मग पुन्यांदा हा विषय काढायचा न्हाय."

मी चाळिशी ओलांडलेली होते. हा दरवाजा एकदाच उघडणार, हे मला पुरतं ठाऊक होतं.

ऑर्डर आली ती स्कॉटलंडहून. तिकडं एक बाई जुने किल्ले बघायला येणाऱ्यांसाठी दुकान चालवायच्या. त्यांना भिंतीवर टांगायची चादर हवी होती आणि तिच्यात त्यांच्या देशाचे दहा जुने राजे, एकाखाली एक. प्रत्येक राजासाठी त्यांनी एक रेघांचं चित्र पाठवलं होतं आणि सोबत यादी. यादीत राजाचं नाव आणि त्याच्या बापाचं नाव. नमुना पसंत पडला तर ऑर्डर मोठी होती.

यादी वाचली आणि माझं तपासणीवालं डोकं जागं झालं. पहिल्या राजाचा मुलगा तिसऱ्या नंबरवर. दुसऱ्याचा मुलगा चौथ्या नंबरवर. तिसऱ्याचे दोन मुलगे, एक पाचवा आणि एक थेट सातवा. म्हटलं, टाइप करणाऱ्यानं ओळी खालीवर केल्यात. बापानंतर मुलगा गादीवर बसतो, एवढं तर शेंबड्या पोरालाही कळतं. चूक दिसली की माझा हात थांबत नाही, त्यात अकरा वर्षांची सवय. कुणाला न विचारता मी यादी सरळ केली. बापाखाली मुलगा, त्याखाली त्याचा मुलगा. एक घराणं संपलं की दुसरं सुरू. वर मनात असंही आलं की त्या बाई आता किती आभार मानतील.

एका मागावर लाल-हिरव्या उभ्या धाग्यांचा ताणा आधीच चढवलेला होता, त्याच्यावरच नमुना विणला. हिरव्या जमिनीवर दहा लाल राजे. मागाची दुरुस्ती बघणारे आमचे जॉबर चाचा म्हणाले, "अच्छा दिखरा बेटी." अण्णांनी फोटो पाठवला. मी दोन दिवस हवेत होते.

सोमवारी सकाळी उत्तर आलं. चारच ओळी आणि चारीही सभ्य. आमची यादी बरोबर होती, तुम्ही आमचा इतिहास बदललात. दुरुस्त नमुन्याचा फोटो शुक्रवारपर्यंत आला तर बघू, नाहीतर आम्ही दुसरीकडं काम देतो.

अण्णांनी मला ऑफिसात बोलावलं. ते ओरडले असते तर बरं झालं असतं. ते हळू बोलत होते.

"यादी कुणी बदलली?"

"मी. चुकली होती ती."

"तुला कुणी सांगितलं चुकली म्हणून?"

मी यादी त्यांच्यापुढं टेबलावर ठेवली. त्यांनी तिकडं बघितलंही नाही.

"चादर तपास म्हटलं तर तू गिऱ्हाइकाचं खानदान तपासाय लागलीस. उद्यापासनं टेबलावर बस."

रडू आलं असतं, पण त्यांच्यासमोर रडायचं नाही म्हणून मी टेबलावरच्या यादीकडं बघत राहिले. तेवढ्यात त्यांचा फोन वाजला. गावाकडून चुलतभाऊ होता. अण्णांचं गाव अक्कलकोटच्या पलीकडं आहे आणि तिथल्या देवाची पूजा त्यांच्या घराण्याकडं असते. बोलणं कानडीत चाललं होतं. आमच्या घरात तेलुगू, पण या शहरात वाढलेल्या माणसाला तिन्ही भाषा कळतात, लपवून काही बोलता येत नाही. या वर्षीची अण्णांची पाळी संपत आली होती आणि देवाचा चांदीचा मुखवटा चुलतभावाच्या घरी कधी पोचवायचा, ते ठरत होतं.

फोन ठेवल्यावर मी विचारलं, "अण्णा, तुमच्यानंतर पूजा तुमच्या मुलाकडं नाही जात?"

"आत्ता हे काय काढलंस?"

"सांगा की."

"कशी जाईल?" ते वैतागून म्हणाले. "दोन भावांची दोन घरं. एक पाळी थोरल्या घराची, एक धाकट्या घराची. पणज्यापासनं तसंच हाय. त्येंची झाली की मग माज्या मुलाची यील."

मी यादी उचलली. तळाशी बारीक अक्षरात दोन ओळी होत्या. चुकांवर जगणारी बाई मी, आणि तेवढंच न वाचता सोडलं होतं. पहिल्या राजाचा बाप आणि दुसऱ्या राजाचा बाप सख्खे भाऊ, दोघंही राजे होऊन गेलेले. त्या भावांची ही दोन घरं. मी पेन घेतलं आणि अण्णांच्या समोरच प्रत्येक नावापुढं लिहीत गेले. थोरलं. धाकटं. थोरलं. धाकटं. नऊ राजे असे लागले की सुईत दोरा जावा.

"अण्णा, ही पाळी आहे."

त्यांनी चष्मा सावरून बोट फिरवलं. दोनदा फिरवलं. "आयला," ते म्हणाले, "ही तर आपल्यासारकीच मानसं की." मग त्यांनी यादी माझ्याकडं सरकवली. "शुक्करवार. त्येच्या पुढं मी तुजं ऐकनार न्हाय."

ती दुपार मी मोबाइलवर राजे वाचण्यात घालवली. इंग्रजी अडलं की फोनच भाषांतर करायचा, कसंबसं पण कळण्यासारखं. आणि बाई गं, काय एकेकाची तऱ्हा. दुसऱ्या राजानं चाळीसहून जास्त वर्षं राज्य केलं, एका मोठ्या लढाईत हरला, पोटचा मुलगा तिथं गमावला आणि म्हातारपणी गादी सोडून मठात जाऊन बसला. त्याला अजून एक मुलगा होता. तरी गादी दिली ती थोरल्या घरातल्या माणसाला, कारण पाळी त्यांची. हा माझा गोसावी. पाचव्याला मारून त्याचं प्रेत पुलाखाली लपवलं, आणि ते सापडेपर्यंत तिथं म्हणे सूर्यच उगवला नाही. सहाव्यानं एकाच्या मुलीला नासवलं आणि त्या बापानं त्याला घरात कोंडून जाळलं. सातव्यानं एका बाईचा मुलगा मारला होता. तिनं एक पुतळा बनवून घेतला म्हणतात, हातात सफरचंद दिलेला. राजानं सफरचंदाला हात लावला आणि चहूबाजूंनी बाण सुटले. ही बाई मला फार आवडली. यादीत तिचं नाव नव्हतं, पण सफरचंदाचं चित्र होतं, आणि ते मी मनापासून मोठं काढलं.

नुसती नावं खालीवर करून नमुना दुरुस्त झाला असता. बाईंनी मागितलं होतं तेवढंच. पण मला आता तेवढ्यावर भागवायचं नव्हतं. आमच्या चादरीला दोन पदर असतात. वरचा लाल असेल तिथं खालचा हिरवा, आणि पलटलं की उलट. मी मागापाशी उभी राहून हाताशी आलेली चादर पलटून बघितली आणि माझ्या लक्षात आलं की गादीवर बसलेलं घर वर आहे आणि दुसरं घर कुठं गेलेलं नाही. ते त्याच जागी, पाठीमागं, आपल्या पाळीची वाट बघतंय. थोरल्या घराचे राजे लाल काढायचे, धाकट्याचे हिरवे, आणि जमीन त्याच्या उलट. पुढून बघा, राज्य करणारे दिसतील. पलटा, रंगांची अदलाबदल होऊन थांबलेल्या घराचा रंग वर येईल.

चाचांना विचारलं, ताणा बदलावा लागेल का. ताणा बदलायचा तर चार दिवस तिथंच गेले असते.

"धागा वोच, बेटी," चाचा म्हणाले. "उपर का नीचे, नीचे का उपर. कार्डां नवे मारो, बस."

मंगळवारी चौकटी भरून नक्षीचा ग्राफ झाला. बुधवारी कार्डांना भोकं पडली. ती दोरीत ओळीनं ओवताना चाचांनी दोनदा मोजली आणि मी तीनदा. गुरुवारी माग सुरू झाला आणि मी पाणी प्यायलाही हलले नाही. लाल, हिरवा, लाल, हिरवा. गोसावी हिरवा आला, काठी घेऊन. त्याचा आकार नीट उतरला तेव्हा माझ्या छातीतलं ओझं पहिल्यांदा हललं.

संध्याकाळी अण्णा मागापाशी आले. चादर उतरली होती. त्यांनी वरून खाली नजर फिरवली आणि शेवटच्या दोन राजांवर बोट ठेवलं.

"परत चुकलीस. हितं लाल, आन् त्येच्या खाली बी लालच."

टेबलावरच्या माझ्या मैत्रिणी काम सोडून बघायला लागल्या. खरं सांगते, ग्राफ काढताना माझाही हात तिथं शिवशिवला होता. दहावा हिरवा केला असता तर चादर कशी टापटीप दिसली असती.

"चूक नाही अण्णा," मी म्हटलं. "तिथं पाळी मोडली. नवव्याला दहाव्यानं मारलं म्हणतात. दोघं थोरल्याच घरातले, सख्खे चुलतभाऊ. दहाव्यानं गादी घेतली आणि परत धाकट्यांना दिलीच नाही. मुलीच्या मुलाला दिली. त्यानंतर पाळी संपली."

अण्णा त्या दोन लाल चौकटींकडं बघत राहिले. त्यांनी चादर पलटली, मागची बाजू बघितली, पुन्हा पुढं केली. "दोन्ही बाजूंचा फोटो काढ," ते म्हणाले.

शुक्रवारी सकाळी फोटो गेले. दुपारी त्या बाईंचा व्हिडिओ कॉल आला. पांढऱ्या केसांच्या, माझ्या आईच्या वयाच्या. त्यांनी चादर कॅमेऱ्यापुढं धरायला लावली, पलटायला लावली, आणि मग शेवटच्या दोन राजांना जवळ आणा म्हणाल्या. मी ते दोन लाल राजे कॅमेऱ्याला लावले. बाई हसल्या. म्हणाल्या, मी ही यादी वीस वर्षं लोकांना समजावून सांगतेय आणि कुणाच्या डोक्यात शिरत नाही. आता नुसती चादर पलटून दाखवीन. हे कुणी सुचवलं?

अण्णांनी फोन माझ्या हातात दिला.

मी माझ्या मोडक्या इंग्रजीत सगळं सांगितलं. पाळी सांगितली, देवाचा मुखवटा सांगितला, आणि पहिली चूक माझीच, तीही सांगितली. बाईंनी ऑर्डर तिथल्या तिथं पक्की केली. पुढचेही राजे करून द्याल का, विचारलं. अण्णांकडं न बघता मी हो म्हटलं. पुढच्या काळात सहा दिवसांची एक मुलगी राणी झाली होती, हे मी सोमवारीच वाचून ठेवलं होतं. सटवाईची पूजा आटोपते न आटोपते तोच डोक्यावर राज्य. तिला मी सोडणार नव्हते.

बाहेर बातमी आधीच पोचली होती. टेबलावरच्या बायकांनी मला घेरलं आणि दहाही राजे वदवून घेतले. सफरचंदवाल्या बाईपाशी टाळ्या पडल्या. मी लाजले वगैरे नाही. मला पाहिजे होत्या त्या टाळ्या, अकरा वर्षांच्या, आणि मी त्या पोटभर ऐकल्या.

संध्याकाळी अण्णा म्हणाले, "सोमवारपासनं पुढचं काम धर. खोली मी उघडून देत जाईन सकाळी."

"उघडून नको," मी म्हटलं. "किल्ली द्या."

त्यांनी माझ्याकडं बघितलं, मी त्यांच्याकडं. मग त्यांनी कमरेचा जुडगा काढला, त्यातली एक किल्ली नखानं ओढून सोडवली आणि टेबलावर ठेवली. मी ती उचलली, खोली उघडली, पंखा लावला आणि त्या खुर्चीत बसून चाचांना सांगितलं की माझा चहा इथं पाठवा.