प्रेमलाबाईंच्या नवऱ्याचा फोटो

रेणापुरात प्रेमलाबाई कुठं राहतात असं विचारलं तर लोक जरा घुटमळत. "सिनेमातली विधवा" म्हटलं की मात्र कुणीही थेट दारापर्यंत आणून सोडी. दार उघडायला येणाऱ्या बाईच्या कपाळावर ठसठशीत कुंकू, हातात हिरवा चुडा, पायात जोडवी. पाहुणा गोंधळून जाई. सुरुवातीला प्रेमलेला याचं हसू येई. निजामाच्या राजवटीची ती शेवटची दहा-बारा वर्षं.

प्रेमला मुखेडच्या गुरवाची लेक. बाप महादेवापुढं सनई वाजवी, त्याचा सूर लेकीच्या गळ्यात उतरलेला. लग्न होऊन ती रेणापूरला आली. नवरा मार्तंड लातूरच्या माधवरावांच्या फिरत्या तंबूत सिनेमाचं मशीन चालवायचा. दिवाळी झाली की तंबू निघे, तो लातूर, उदगीर, कंधार, नांदेड करत ज्येष्ठात परते. चित्रं मुकी होती तेव्हा प्रेमला पडद्याशेजारी बसून गाणी म्हणे. पडद्यावरची बाई रडायला लागली की हिचा सूर असा लागे, की कनातीपलीकडं बसलेल्या बायका पदर डोळ्यांना लावत. पुढं चित्रं बोलायला लागली आणि ते काम गेलं. पण पुण्याच्या एका कंपनीच्या माणसानं तो गळा ऐकून ठेवला होता. बोलावणं आलं.

काम होतं नायकाच्या विधवा आईचं. प्रेमलेचं वय सव्वीस, आणि तिच्या पोटचा नायक एकोणतीस वर्षांचा!

"वयाचं मरू दे," सासूबाई तुळजाबाई म्हणाल्या, "पण कुंकू पुसायचं म्हंजे काय गं? भरल्या कपाळाची बाई तू!"

"खोटंच असतं ते, आत्याबाई."

तुळजाबाईंनी दोन दिवस विचार केला. तिसऱ्या दिवशी, मंगळवारी, रेणुकामातेची ओटी भरून आल्या आणि सुनेच्या हातात पितळेची एक डबी ठेवली. आत देवीचा टाक होता. "रंग लावायच्या आधी मंगळसूत्र हिच्या गळ्यात घालायचं. काम झालं की हिच्या पायाचं कुंकू आधी लावायचं, मग दुसरं काय ते. आन् एक ध्यानात ठेव. कपाळाचं पुसलं, हातचं उतरवलं, तरी पायातली जोडवी काढायची न्हाईत. लुगड्याखाली कोण बघतंय? देवीला ठाऊक असलं म्हंजे झालं."

प्रेमलेनं ते तंतोतंत पाळलं. लातूरहून छोटी गाडी, कुर्डुवाडीला बदलून पुणं, आणि मांडीवर ती डबी. एकामागून एक चार चित्रं झाली. चारींत ती विधवाच. कधी आई, कधी आत्या, एकदा तर वेडी झालेली वहिनी. पांढऱ्या लुगड्याच्या काठाखाली जोडवी मात्र जागच्या जागी.

पाचव्या चित्राच्या वेळी मार्तंड तंबूसाठी रिळांच्या पेट्या न्यायला पुण्याला आला होता. बायकोचं काम बघत उभा राहिला. घराचा देखावा मांडलेला, भिंतीवर कुण्या मिशाळ माणसाचा फोटो, त्याला कापडी फुलांचा हार.

"हा कोण?" त्यानं विचारलं.

"माझे मालक. गेलेले," प्रेमला हसत म्हणाली.

मार्तंड हसला नाही. "परक्या माणसाच्या फोटोपुढं तू ऊर बडवणार? आन् मशीन मीच चालवून राहिलो असणार? गावोगाव लोकं काय म्हणतील? तुझ्या पेटीतला माझा फोटो काढ."

तो फोटो माळेगावच्या जत्रेत काढलेला होता. डोक्याला नवी टोपी, छाती पुढं, डोळे वटारलेले.

"अहो, हार घालणार हायत त्याला."

"घालू दे की. जित्या माणसाला कोण घालतंय हार?"

सगळे हसले. डायरेक्टरसाहेबांना तर कल्पना फारच आवडली. फोटो बदलला, हार चढला, दिवे लागले. प्रेमलेनं वर पाहिलं, आणि मग तिला रडायला सांगावं लागलं नाही. त्या रडण्याचं पुढं पेपरात कौतुक छापून आलं. डबी उघडून देवीच्या पायाचं कुंकू लावलं, तर ते मात्र टिकेना. दोनदा लावलं, दोनदा झडलं.

चित्र मार्गशीर्षात लातूरला लागलं. तंबूत जागा मिळेना. रोज संध्याकाळी मार्तंड मशीनच्या छिद्रातून स्वतःचाच हार घातलेला फोटो पडद्यावर पाठवी. भला मोठा, बैलगाडीएवढा.

पौषात संक्रांतीचं हळदीकुंकू शेजारच्या सिंधूकडं होतं. प्रेमला सगळ्यांबरोबर रांगेत बसली. सिंधू एकेकीला कुंकू लावत आली, प्रेमलेच्या शेजारणीला लावलं आणि हिला सोडून पुढच्या बाईपाशी गेली.

"अगं सिंधु, मी?"

सिंधूनं जीभ चावली. "अगं बाई! कशी चुकले बघ. हात आपोआपच पुढं गेला. राग धरू नको, वैनी."

प्रेमलेनं राग धरला नाही. पण त्या वर्षी मार्तंडही असाच वगळला जाऊ लागला. लग्नाच्या पंगतीत वाढपी त्याच्या पत्रावळीवरून वाकून पलीकडच्याला वाढी. त्यानं "राम राम" घातला तर समोरचा माणूस मागं वळून बघे, की हा आवाज आला कुठून? तहसील कचेरीतल्या कारकुनानं तर तोंडावर विचारलं, "मार्तंड गुजरला ना? आपण त्याचे भाऊ का?" मार्तंड घरी येऊन ही गंमत रंगवून सांगायचा. भाद्रपदापर्यंत त्यानं सांगणं सोडलं होतं.

सर्वपित्रीला तुळजाबाईंनी सोवळ्यानं खीर, वडे, कढी असा सगळा स्वयंपाक केला. पितरांचं पान माळवदावर ठेवलं. कावळे आले, समोर बसले, पण पानाला चोच लावेनात. तुळजाबाईंनी हात जोडले, गेलेल्यांची नावं घेऊन मागितलं, चुकलंमाकलं पदरात घ्या म्हणाल्या. शेवटी दुपार कलली तेव्हा मार्तंडाला ओसरीवर जेवायला वाढलं. त्यानं पाण्याचा तांब्या उचलला, तेवढ्यात माळवदावरचा एक कावळा खाली उतरला. उडून आला नाही, पायऱ्यांवरून एकेक उडी मारत आला. मार्तंडाच्या पानातला वडा त्यानं उचलला आणि तिथंच उभा राहून सावकाश खाल्ला. मार्तंड वीतभर अंतरावर. कावळ्याला तो दिसतच नव्हता.

तुळजाबाईंनी सुनेचा हात धरला. म्हणाल्या, "प्रेमले, तो हार उतरव. माझं लेकरू जितं हाय."

"तो कुठून उतरवू, आत्याबाई? चित्र गावोगाव फिरून राहिलंय. रोज संध्याकाळी कुठं ना कुठं तो हार चढतोच."

हे बोलतानाच तिला वाट सुचली. पडद्यानं नेलं ते पडद्यावरच परत मागायला हवं, असं तिच्या मनानं घेतलं. मार्तंड लोकांना पडद्यावर जिता दिसला पाहिजे, चालता, बोलता, हसता.

डायरेक्टरसाहेब गेली दोन चित्रं तिच्यामागं लागले होते. विधवा घाटाच्या पायऱ्या उतरते, पडद्यावर नुसती तिची अनवाणी पावलं, असा एक देखावा त्यांच्या डोक्यात बसला होता. प्रेमला जोडव्यांसाठी नाही म्हणत आली होती. आता ती मार्तंडाला बरोबर घेऊन पुण्याला गेली आणि आपण होऊन त्यांच्यापुढं उभी राहिली.

"पायांचं चित्र देते. पण माझा माणूस बाजाराच्या देखाव्यात पाहिजे. गर्दीत न्हाई, एकटा. पान खाताना, हसताना."

"कबूल," साहेब म्हणाले. "त्यात काय एवढं?"

"आधी त्यांचं."

"ऊन उतरतंय बाई. आधी घाट."

तिनं डबी उघडली. मंगळसूत्र नेहमीसारखं देवीच्या गळ्यात घातलं. मग खाली बसून पायातली जोडवी काढली. लग्नापासून न निघालेली, बोटांत रुतलेली. देवीच्या पायाशी ठेवताना ती मनात म्हणाली, पायऱ्या उतरेपर्यंत सांभाळ, आई. पायऱ्या अकरा होत्या. पावलं इतकी हलकी झाली होती, की खाली दगड आहे की नाही हे कळेना. अकरावी उतरली तशी ती पळत आली, जोडवी चढवली, मंगळसूत्र घातलं, कुंकू लावलं. बाजाराच्या देखाव्याकडं पाहिलं. गर्दी तयार होती. मार्तंड नव्हता.

गर्दी जमवणाऱ्याला विचारलं. तो म्हणाला, "बारा पाहिजे होते, बाराच आहेत."

सामानाच्या खोलीत सापडला. खोलीत जुने पडदे, मोडके देव, खोट्या तलवारी, आणि भिंतीवर त्याचा तोच फोटो, हार तसाच. त्याखाली मार्तंड हात गुडघ्यांत घेऊन बसला होता.

"अहो, इथं काय करून राहिलात?"

"त्यानं मोजले," मार्तंड हळू म्हणाला. "मी बाजारातल्या माणसांपाशीच थांबलो होतो, मला धरून बारा होतो. तो अकरा म्हणाला. परत मोजले. परत अकरा. मग बाहेरून एक आणला." वरच्या फोटोकडं बघत म्हणाला, "मी म्हटलं मी हाय. कुणी ऐकलं न्हाई. मग इथं बरं वाटलं."

त्याचा हात मातीच्या माठासारखा गार होता. प्रेमलेनं तो दोन्ही हातांत धरला, सगळ्यांदेखत त्याला ओढत कॅमेऱ्यापुढं आणलं आणि देखावा होईपर्यंत कडेला उभी राहिली. मार्तंडानं पानवाल्याकडून पान घेतलं, तोंडात टाकलं, हसला. जाताना तिनं भिंतीवरचा फोटो मागून घेतला. हार काढला, तर काचेवरच्या धुळीत त्याचा गोल तसाच राहिला होता. रेल्वेत बसून ती पदरानं काच पुसत राहिली, कुर्डुवाडीपर्यंत.

ते चित्र पुढच्या माघात नांदेडला लागलं. तंबू गोदावरीच्या बाजूच्या मैदानात होता. दिवेलागणीला खेळ सुरू झाला. मार्तंड मशीनपाशी, प्रेमला कनातीपलीकडं बायकांत. आधीचं चित्र इथं दोनदा येऊन गेलेलं, त्यामुळं बायका तिला ओळखून कुजबुजत होत्या. घाटाचा देखावा आला तेव्हा तिनं स्वतःच्या पायांवरून हात फिरवला. जोडवी होती.

मग बाजार आला. गर्दी सरकली, आणि पडद्यावर मार्तंड उभा राहिला. मोठा, उजेडात, पान चघळत. प्रेमलेचा श्वास सुटला. जिता दिसला, सगळ्यांना दिसला, आता मोजतील.

शेजारची म्हातारी तिच्या दंडाला धरून ओरडली, "अगं आई! हा तर हिचा मेलेला नवरा! फोटोतला!"

"भूत! भूत हाय त्यो!"

कनातीच्या दोन्ही बाजूंनी ओरडा उठला. लेकरं रडायला लागली, बाया एकमेकींना बिलगल्या. पुरुषांकडून कुणी "या अल्ला" म्हटलं, कुणी रामरक्षा सुरू केली. आणि मार्तंड पडद्यावर हसत होता. देखावा एवढा लांब होता का? प्रेमलेला आठवेना. मशीनच्या बाजूला तिनं वळून पाहिलं, तर उजेडाच्या झोतामागं तिला कुणीच दिसलं नाही.

आता हाक मारायला हवी होती, आणि आयुष्यात तिनं नवऱ्याला नावानं हाक मारलेली नव्हती. नाव घ्यायचं ते उखाण्यात. आणि नवरा जिता असलेली बाईच ते घेते. ती बाकावर चढली आणि देवळातल्या सनईच्या त्या सुरात, साऱ्या तंबूवरून तिनं नाव घेतलं,

"पडद्यावर पडते उजेडाची सावली,
मार्तंडराव मशीनपाशी, मी सवाष्ण इथं उभी राहिली!"

बायका गप्प झाल्या. भीती होतीच, पण सवय त्याहून जुनी. कुणीतरी मागून म्हटलं, "ऐकू न्हाई आलं, परत घ्या."

तिनं परत घेतलं. शेवटचा शब्द संपला आणि मशीनच्या घरघरीमागून, खोल आडातून यावा तसा आवाज आला.

"ओ."

शेजारच्या म्हातारीनं तिला बाकावरून खाली उतरवलं. कनवटीची कुंकवाची डबी काढली आणि अंधारात चाचपडत बोट वर नेलं. ते बरोबर प्रेमलेच्या कपाळाच्या मधोमध टेकलं.

प्रेमलेनं त्यानंतर चित्रात काम केलं नाही. पुण्याहून दोन पत्रं आली, तिनं उत्तर दिलं नाही. मार्तंड पुष्कळ वर्षं जगला. राज्य बदललेलं त्यानं पाहिलं, पंगतीत त्याला वाढलंही जाऊ लागलं. पण सर्वपित्रीला प्रेमला त्याच्या पानावर जाळीची टोपली झाकून बसे. आणि रोज देवापाशी दिवा लावला, की उंबऱ्यावर उभी राहून नवऱ्याचं नाव घेई, मोठ्यानं. नवऱ्याचं नाव असं रोज घेतात होय, म्हणून गावातल्या बाया आधी हसत, नंतर हसेनाशा झाल्या.

नाव घेतल्यावर "ओ" येईपर्यंत ती पदराचं टोक मुठीत धरून थांबे. बहुतेक वेळा लगेच यायची. एखाद्या दिवशी, आत मार्तंड समोर बसलेला दिसत असूनही, फार उशिरा यायची.