आरशासमोरचं कॉकटेल

माझ्या नणंदबाई केस कापतात. गल्लीत सगळे त्यांना कात्रीताई म्हणतात, आणि ते फक्त हातातल्या कात्रीमुळे म्हणतात असा त्यांचा समज आहे. तो मी मोडलेला नाही. मी त्यांना वन्सं म्हणते. खाली त्यांचं दुकान, दुकानामागे त्यांची खोली, आणि वरच्या मजल्यावर मी, माझा नवरा आणि माझं स्वयंपाकघर. माझं आपलं म्हणायचं. मी लग्न होऊन आले तेव्हापासून त्या स्वयंपाकघरातलं एकही भांडं वन्संनी चाखून पाहिल्याशिवाय गॅसवरून उतरलेलं नाही.

त्या येतात, झाकण बाजूला करतात, चमचा बुडवतात आणि डोळे मिटून घेतात. मग एकतर म्हणतात, "जमलं." नाहीतर नुसतं "हं." त्या "हं"पायी मी किती झाकणं आपटली असतील देव जाणे. बरं, हे आमच्यापुरतं असतं तरी चाललं असतं. शेजारची बेकरीवाली नव्या केकचं पीठ वाटीत घेऊन थेट दुकानात येते. समोर गिऱ्हाइकाचं डोकं अर्धं भादरलेलं असतं, हात कात्रीत गुंतलेले असतात, वन्सं नुसता आ करतात आणि बेकरीवाली त्यांच्या तोंडात चमचा घालते. मग गिऱ्हाईक, बेकरीवाली आणि रांगेत बसलेले सगळे श्वास रोखून बसतात. "जमलं" म्हटलं की सगळ्यांना सुटल्यासारखं वाटतं.

आणि या सगळ्याचा कळस म्हणजे पानगळीच्या सुट्टीतलं फळांचं कॉकटेल. त्या दिवशी गल्लीच्या टोकाच्या अंगणात टेबलं जोडून लावतात, जो तो घरून काहीबाही करून आणतो, आणि मधोमध वन्संचं पातेलं. नाव कॉकटेल, पण त्यात दारूचा थेंब नाही. डाळिंब, संत्री, सफरचंद, द्राक्षं, नाशपाती, मध, आणि दालचिनी-लवंग-आलं उकळून गार केलेलं पाणी. तरी आमचे घड्याळजी, म्हणजे समोरचे घड्याळं दुरुस्त करणारे काका, दरवर्षी दुसऱ्या पेल्यानंतर खांब धरून उभे राहतात आणि "मला जरा चढलीय" असं सगळ्यांना सांगतात. त्यांना खरं सांगायला कुणी धजावत नाही. वाढायला सुरुवात करण्याआधी वन्सं सगळ्यांदेखत एक चमचा तोंडात घालतात, "जमलं" म्हणतात, आणि मगच ओगराळं पातेल्यात जातं.

यंदा सुट्टीच्या दिवशी सकाळी बघते तर पातेलं वर नाही. फळांच्या टोपल्या नाहीत. खाली गेले. वन्संनी दुकानातल्या फरशीवरचा केसन् केस झाडून काढला होता, कंगवे आणि कात्र्या खणात बंद केल्या होत्या, आणि आरशासमोरच्या फळीवर फळांची रास मांडली होती.

"इथे कशाला?" मी विचारलं.

"वर उजेड नसतो."

वर तीन खिडक्या आहेत. पण वाद कुठे घाला. डाळिंबं सोलायला बसले. त्या सफरचंदं चिरत होत्या आणि फोडी काळ्या पडू नयेत म्हणून लिंबाच्या पाण्यात टाकत होत्या. संत्र्यांचा रस मी काढला. सगळं पातेल्यात एकत्र झालं, तसं त्यांनी मला हाताला धरून खुर्चीत बसवलं, गळ्याभोवती कापड बांधलं, पायाने खुर्चीचा दांडा दाबून मला उंच केलं आणि तोंडासमोर चमचा धरला.

"कसं लागतंय?"

मला हे वन्संनी तोवर कधीही विचारलेलं नव्हतं. मी गोंधळले. आणि माझा गोंधळ झाला की मला खोडी सुचते.

"मीठ जरा जास्त पडलंय," मी म्हटलं.

त्यात मीठ नव्हतंच. मीठ पडतच नाही. मी वाट बघत होते की आता त्या माझ्या डोक्यात चमचा घालतील. पण वन्संचा चेहरा उतरला. त्यांनी फळीवरच्या बरण्या एकेक उचलून पाहिल्या, आणि भराभर आणखी संत्री पिळायला लागल्या. चाखून पाहिलं नाही. चमचा हातात असून चाखलं नाही.

मी खुर्चीतून पुढे वाकले.

"वन्सं, मी गंमत केली. मीठ नाहीये त्यात."

त्या थांबल्या. संत्र्याची अर्धी फोड तशीच हातात. "मग तू आता काय बोलतेस ते खरं की मघाशी बोललीस ते?"

"तुम्हीच बघा की चाखून."

"मला कळत नाही," त्या म्हणाल्या. "गेल्या महिन्यात सर्दी झाली होती ना. ती गेली. चव आणि वास पण गेला. डॉक्टर म्हणतात, येईल. कधी ते सांगत नाहीत."

म्हणजे महिनाभर त्या माझ्या भांड्यांवर अंदाजाने "जमलं" म्हणत होत्या. आणि मी मनात म्हणत होते, चला, शेवटी बाई सुधारली. खरं सांगायचं तर माझा पहिला विचार हा होता की आता माझं स्वयंपाकघर माझं. तो विचार एखादा घोट गिळायला वेळ लागतो तेवढाच टिकला, कारण वन्सं पुढे म्हणाल्या, "कुणाला सांगू नकोस. कळलं की सगळे बिचारी म्हणतील. आणि उद्यापासून कुणी माझ्यापुढे चमचा करणार नाही."

"मग मी सांगते ना चव. मी आहे की."

"तू?" त्यांनी आरशातून माझ्याकडे पाहिलं. "मिठाची?"

तर वन्संनी ठरवलं होतं असं, की कुणाच्या शब्दावर जायचं नाही. आयुष्यभर या आरशात त्यांनी माणसं बघितली. केस बिघडले तरी लोक तोंडदेखलं "छान" म्हणतात, पण भुवई, गाल, ओठाचा कोपरा यांना ते जमत नाही. तेव्हा एकेकाला खुर्चीत बसवायचं, चमचा द्यायचा आणि आरशात बघायचं.

पहिला बळी माझा नवरा. "ताई, एकदम छान," तो म्हणाला. आरशात त्याचा डावा गाल आत ओढला गेला. आंबट. वन्संनी मध ओतला. पण समोर खुर्चीत डोकं आलं की त्यांचे हात स्वस्थ बसत नाहीत. बोलता बोलता खणातून कात्री निघाली, आणि मी "वन्सं, पातेलं" म्हणून ओरडेपर्यंत नवऱ्याच्या उजव्या कानावरचे केस गेले होते. कात्री परत खणात, हात साबणाने धुतले, नवरा अर्ध्या केसांनिशी बाहेर.

मग घड्याळजी आले. त्यांनी चमचा तोंडात घेऊन मान तिरकी केली, जणू जिभेवर काही टिकटिकतंय. दोन्ही भुवया वर. फार गोड. आणखी लिंबू, आणखी नाशपाती, आणि ते पातळ वाटलं म्हणून आणखी द्राक्षं. बेकरीवाली आली, तिला ठसका लागला. आलं जास्त. आणखी संत्री. संत्री संपली. नवऱ्याला टोपी घालून बाजारात पिटाळलं. पहिलं पातेलं काठोकाठ भरलं म्हणून दुसरं आणलं, दोन्हीत सारखं मिसळायचं म्हणून या पातेल्यातून त्या पातेल्यात वाट्या चालू झाल्या, आणि घड्याळजी, ज्यांना कुणी बोलावलं नव्हतं, पुन्हा रांगेत उभे राहिले.

रांग लागली होती हे खरं. कात्रीताई फुकट चाखायला देतायत आणि वर खुर्चीत बसवून गोल फिरवतायत, ही बातमी गल्लीभर झाली. टपालवाला सुट्टी असून आला. कुणी मुलांना घेऊन आलं. मी चमचे धुऊन धुऊन दमले आणि हसू आवरेना झालं. घड्याळजी तिसऱ्यांदा आले, तेव्हा खुर्चीतून उतरताना म्हणाले, "मला जरा चढलीय." पदर धरावा तसं वन्संनी गिऱ्हाइकाचं कापड तोंडावर धरलं, आणि कापडाआडून त्यांचे खांदे हलत राहिले. महिनाभरात मी त्यांना हसताना पाहिलं नव्हतं, हे तेव्हा माझ्या लक्षात आलं.

तिसरं पातेलं बेकरीतून आलं. ते भरत आलं तेव्हा खुर्चीत एक आजोबा बसले होते. त्यांनी चमचा तोंडात घेतला. आरशात त्यांचे गाल सैल झाले, डोळे बारीक झाले, आणि त्यांनी रिकामा चमचा पुन्हा पुढे केला. वन्संनी माझ्याकडे वळून हळूच मान हलवली.

संध्याकाळी अंगणात पिवळी पानं टेबलांवर पडत होती आणि लोक ती उडवून ताटल्या मांडत होते. तीन पातेली मधोमध. नवरा टोपी घालून. सगळे जमले आणि आपोआप गप्प झाले, कारण आता वन्सं चाखणार होत्या. मी त्यांच्या शेजारी उभी होते. एका हातात ओगराळं धरून दुसऱ्या हाताने त्यांनी चमचा भरला. मला वाटलं, आता म्हणतील "जमलं" आणि निभावून जाईल.

त्यांनी चमचा खाली ठेवला.

"मला चव लागत नाही," त्या म्हणाल्या. आवाज दुकानातलाच, खणखणीत. "महिना झाला. हे मी तुमची तोंडं बघून केलंय. चांगलं झालं असेल तर तुमचं, बिघडलं असेल तर तेही तुमचंच."

एक पान पातेल्यात पडलं. मग बेकरीवाली पुढे झाली. तिचा चेहरा रडवेला झाला होता, आणि बाई मनाने फार चांगली आहे, यात वाद नाही. "अगं बाई, आणि आम्हाला सांगितलं नाहीत? बसा तुम्ही, बसा. मी वाढते," असं म्हणून तिने वन्संच्या हातातलं ओगराळं काढून घेतलं. कुणीतरी खुर्ची पुढे सरकवली. वन्सं त्या खुर्चीत बसल्या. इतक्या मुकाट्याने बसल्या की मला राहवेना.

मला राग आला. बेकरीवालीचा नाही, खुर्चीचा आला. मी ओगराळं तिच्या हातातून परत घेतलं, ते पान उचलून टाकलं, चमचा भरला, आणि वन्संपुढे धरला.

"वन्सं," मी म्हटलं, "जमलं का?"

"अगं, आत्ताच सांगितलं ना."

"मी विचारतेय ते सांगा. जमलं का?"

वन्सं उठल्या, चमचा घेतला, डोळे मिटले. सगळं अंगण थांबलं. त्या सावकाश चावत होत्या.

"गार आहे," त्या म्हणाल्या. "नाशपाती करकरीत राहिलीय. डाळिंब दाताखाली फुटतंय. आलं... आलं टोचतंय जरा. तेवढं कळतं." मग त्यांनी दुसरा चमचा भरला आणि माझ्या तोंडात घातला. इथे आरसा नव्हता. त्यांनी माझी हनुवटी धरून चेहरा उजेडाकडे वळवला, केस दोन्ही बाजूंनी सारखे झालेत का बघतात तशा बघत राहिल्या. मला हसू येत होतं आणि रडूही, त्यामुळे माझ्या तोंडावरून त्यांना काय कळलं असेल ते मला माहीत नाही.

"जमलं," त्या म्हणाल्या.

घड्याळजींनी आधीच खांब धरला होता.

"आणि मीठ?" मी विचारलं.

"तू गप्प बस," वन्सं म्हणाल्या, आणि पहिला पेला भरून माझ्या हातात दिला.