स्वतःच्याच आवाजावर

युरोपातल्या एका ऑपेरा गायिकेचा चित्रपट आम्ही दोघं घरी पाहत होतो. सूर उंच चढत होता, पण छाती हलत नव्हती. बायको गाताना मोजायचो, त्या सवयीने मी श्वास मोजले. तीन मिनिटांत एकही दिसला नाही.

"आवाज आधी मुद्रित केलाय. आता फक्त ओठ हलवतेय," बायको म्हणाली.

"स्वतःच्याच आवाजावर?"

"मग काय, शेजारणीच्या?"

बायको बावीस वर्षं गायली. गळ्याच्या ऑपरेशननंतर डॉक्टरांनी गायची परवानगी देऊन सात महिने झाले, तरी तानपुऱ्याची गवसणी तिने काढलेली नाही. तिने जुना, मुद्रित झालेला आवाज जपावा, की आजचा, असेल तसा, लावून पाहावा? विचारायचं धाडस होईना.

"तिचं बरंय," बायको पडद्याकडे पाहत म्हणाली, "ओठ तरी हलवते."