आतल्यांना विचारून सांगतो

मालिनमामाला घरात बोलता येत नाही, हे त्याच्या बायकोचं जुनं रडगाणं. "चारचौघांत तासभर तोंडाचा पट्टा चालतो, आणि घरी मीठ हवं असलं तर हा माणूस नुसता बशीकडे बघत बसतो!" असं ती भरबाजारात सांगायची, आणि मिरच्या निवडणाऱ्या बायका खिदळायच्या. खोटं नव्हतं ते. मारापी डोंगराच्या या अंगाला, आमच्या नगरीत, लग्न असो, मयत असो, कुणाला पदवी द्यायची असो, दोन घराणी समोरासमोर चटयांवर बसली की आमच्या बाजूनं बोलायचं ते मालिनमामानंच. बाकीच्यांनी विडे चघळत ऐकायचं. घराण्यात डोकी कितीका असेनात, तोंड एकच, अशी आमची रीत.

नाव त्याचं जुबीर. लग्नात मालिन सम्पोनो ही पदवी मिळाली, तेव्हापासून तो सगळ्यांचा मालिनमामा झाला. बोलण्याची विद्या तो आपल्या मामाकडून शिकला, म्हशी राखता राखता. म्हशीला समोरचा पाहुणा करायचा आणि तिच्याशी वाटाघाटी करायच्या. म्हैस काही अडवायची नाही, म्हणून पोरगं धीट झालं, असं त्याचा मामा म्हणायचा.

ही विद्या सोपी नाही बरं. समोरच्या बाजूचा वक्ता जे बोलेल ते आधी अख्खंच्या अख्खं आपल्या तोंडानं परत म्हणायचं, एक शब्द गाळायचा नाही की घालायचा नाही. म्हणजे तुमचं म्हणणं आमच्या कानापर्यंत पोचलं, याची ती पावती. मग म्हणायचं, "आतल्यांना विचारून सांगतो." आतले म्हणजे पाठीमागे बसलेले पुरुष आणि पडद्याआड स्वयंपाकघरातल्या बायका. जमिनी आमच्याकडे बायकांच्या, घरं बायकांची, आईकडून मुलीकडे जाणारी. तेव्हा त्यांना विचारायलाच हवं. आणि विचारायचे की! मालिनमामा मागं वळायचा, टोपी सारखी करायचा, चहाचा एक घोट घ्यायचा आणि पुन्हा पुढं वळून सांगायचा, "विचारलं. सगळ्यांचा एकच आवाज आहे." आत बायकांना तो वळला की एवढंच कळायचं की जेवणं जवळ आली. "मामा वळला गं, गुलाईचा रस्सा चढवा चुलीवर!" झालं विचारणं.

त्यात कुणाला काही वावगं वाटत नव्हतं. मामालाही नाही. मग त्याच्या भाच्यानं निवडणुकीला उभं राहायचं ठरवलं.

हा भाचा हेंद्रिजाल, धाकट्या बहिणीचा मुलगा. ती बिचारी लवकर गेली. पोरगा पडांग शहरात जाऊन कंत्राटदार झाला, दारात चकचकीत गाडी आली, तेव्हा घराण्याची दातुक ही पदवी त्यालाच दिली. घराण्याचा प्रमुख तो. आता त्याला जिल्हा परिषदेत जायचं होतं. नाक्यानाक्यावर त्याचा हात जोडलेला फोटो लागला, खाली लिहिलेलं, 'तुमचा आवाज'. आणि फलक काही फुकट लागत नाहीत. म्हणून त्यानं शेजारच्या नगरीतल्या एका हाजीकडे झऱ्याखालचं भाताचं खाचर गहाण टाकायचं ठरवलं.

ते खाचर कसत होती उनी सौना, मालिनमामाची थोरली बहीण; उनी म्हणजे ताई. विधवा बाई. आईनं तिला त्या चिखलात उभं करून बांध दाखवले होते. तिच्या घरातली लेक देसी, देसीची पोरं, सगळी त्याच भातावर. गहाण गेलेलं खाचर तिच्या हयातीत परत येतं कशाला? आणि अशी जमीन गहाण टाकायला आमच्याकडे चारच कारणं चालतात. घरात मयत पडलंय आणि मातीला पैसा नाही, वयात आलेली मुलगी बिनलग्नाची राहिलीय, घराण्याचं घर गळतंय, किंवा बुडालेली पदवी वर काढायचीय. निवडणूक यात कुठं बसते? पण हेंद्रिजाल हुशार. तो कॉफीच्या टपरीवर मामाला म्हणाला, "चौथ्यात बसते मामा. घराण्याचं नाव वर काढायचंय, दुसरं काय?"

"सौनाला सांगितलंस?" मामानं विचारलं.

"मावशीला काय सांगायचं? ती कधी कशाला नाही म्हणालीय का?"

यावर मामानं कप उचलला आणि उरलेली कॉफी संपवली. सौना कधीच नाही म्हणाली नव्हती हे खरं. तिला कुणी विचारलं होतं कधी?

ठरल्या दिवशी दुपारच्या नमाजानंतर उनी सौनाच्याच घरी बैठक बसली. मामा सकाळपासून येऊन बसला होता. बहिणीनं त्याला तळलेला कसाव्याचा कंद दिला, कॉफी दिली. तो म्हणाला, "छान झालाय." ती म्हणाली, "घे अजून." दोघं भावंडं एकाच मुशीतली! गहाणाचं उडत उडत कानावर आल्यापासून तिची झोप झालेली नव्हती हे त्याला दिसत होतं, आणि त्याला दिसतंय हे तिलाही कळत होतं.

समोर हाजी आणि त्याची माणसं आली. त्यांचा वक्ता पाकिह, मामाच्याच वयाचा, दात पडलेला पण गळा शाबूत. कितीतरी लग्नांत हे दोघे समोरासमोर बसलेले. विड्याचं तबक फिरलं. पाकिहनं संथ सुरात मागणं मांडलं. झऱ्याखालचं खाचर, चारी बांधांसह, आम्ही गहाण घ्यायला आलो आहोत. त्या खाचराचं भात ज्या बाया खातात त्यांना विचारलं गेलं आहे आणि त्या राजी आहेत, असं समजून आलो आहोत. यात नवीन काही नव्हतं. असंच म्हणतात नेहमी.

मामानं ते परत म्हणायला घेतलं. खाचर आलं, झरा आला, चारी बांध आले. "त्या खाचराचं भात ज्या बाया खातात, त्यांना..." आणि इथं त्याची जीभ अडली. मागं कुणीतरी खाकरलं. हेंद्रिजालनं मान वर केली. मामाला वाटलं, शब्द विसरलो की काय, म्हातारा झालो. पण शब्द कुठं विसरला होता? शब्द तोंडात तयार होते. त्याला ते म्हणवत नव्हते, कारण ते खोटे होते आणि ते खोटे आहेत हे त्या खोलीत त्याच्याइतकं कुणालाच ठाऊक नव्हतं. कसंबसं त्यानं वाक्य पुरं केलं आणि म्हणाला, "आतल्यांना विचारून सांगतो."

आत देसीनं गुलाई चुलीवर ठेवली.

मामा मागं वळला. टोपीला हात लावला नाही, चहाही घेतला नाही. गुडघ्यावर हात टेकून उठला आणि पडदा सारून स्वयंपाकघरात गेला.

बायांची अशी गडबड उडाली म्हणता! कुणी डोक्यावर ओढणी घेतली, कुणाच्या हातातला डाव पडला. सौना म्हणाली, "जुबीर, इथं कशाला आलास? पाणी हवंय का?"

"विचारायला आलोय. खाचर गहाण द्यायचं का?"

"मला काय विचारतोस? तुम्ही ठरवलंय ना सगळं."

"मी नाही ठरवलं. मी तर तुला आत्ता विचारतोय. उनी, बोल. लोक थांबलेत."

सौनानं चुलीतलं लाकूड मागं ओढलं. मग ती एकदम म्हणाली, "नाही द्यायचं. सांग त्यांना. घरात मयत नाही. माझी लेक लग्नाची राहिलेली नाही. छप्पर मी मागच्या वर्षी शाकारलंय. पदवीचं म्हणशील तर ती बसलीय बाहेर उशीला टेकून! माझ्या पोरांच्या तोंडचा घास काढून फोटो लावायचे म्हणे. एवढीच हौस असेल तर म्हणावं गाडी वीक." मग डोळे पुसून भावाकडे वळली. "आणि माझ्या भावालाही म्हणावं, इतकी वर्षं माझ्या नावानं हो म्हणत आलास, मला विचारलंस आज."

"गाडीचं कसं बोलू मी चटईवर?" मामा कळवळून म्हणाला. "जरा सजवून..."

"सजवू नकोस. एवढ्यांदा सजवलंस ना?"

मामा बाहेर आला, मांडी घालून बसला आणि बोलला. मयत, लेक, छप्पर, उशीला टेकलेली पदवी, पोरांचा घास. आणि गाडी. गाडीशी त्याचा आवाज चिरकला, पण बोलला. हेंद्रिजाल लालबुंद झाला. "मामा! ही काय रीत झाली?"

रीत पुढंच होती. आता पाकिहची पाळी. समोरचं म्हणणं त्यानं अख्खं परत म्हणायला हवं. बोळकं पुसून त्यानं सूर लावला आणि लग्नात म्हणतात त्याच थाटात, अगदी हेलकावे घेत, म्हणाला, "...आणि एवढीच हौस असेल तर दातुकांनी गाडी विकावी, असं या घरातल्या थोरल्या बाई म्हणतात." हाजीनं हळूच आपण आणलेलं विड्याचं तबक मागं ओढून घेतलं, म्हणजे मागणंच मागं घेतलं. बाईची राजीखुशी नसलेल्या जमिनीला तो कशाला हात लावतोय!

शेवटी पाकिहनं नेहमीप्रमाणे विचारलं, "काही गळलं का?"

मामानं तोंड उघडायच्या आत पडद्याआडून आवाज आला. सौनाचा, खणखणीत. "गळलंय. एक राहिलं."

सगळ्या माना पडद्याकडे वळल्या. त्या घरातल्या बैठकीत पडद्याआडून बोलणं आजवर कुणी ऐकलं नव्हतं. पाकिह गोंधळून मालिनमामाकडे बघायला लागला. त्याला कुठं ठाऊक होतं काय राहिलंय ते!

मालिनमामाला ठाऊक होतं. त्यानं टोपी काढून मांडीवर ठेवली. म्हणाला, "माझी बहीण म्हणते, इतकी वर्षं माझ्या नावानं हो म्हणत आलास, मला विचारलंस आज."

पाकिहनं ते परत म्हटलं नाही. रीत मोडली त्यानं. मामाचे डोळे पुसून होईस्तोवर तो खाली बघत बसून राहिला.