तिरडीवरचा नट

आमच्या अंगणात मालिकेचं शूटिंग होतं. एके काळचा सिनेमातला हिरो तिरडीवर मेलेला पडला होता आणि आम्ही गावच्या बायका भोवती रडत होतो. आज मेला की मालिकेतलं त्याचं काम संपणार होतं. पुढचं काम हातात नाही, असं सकाळी चहा पिताना तोच म्हणाला होता.

त्याच्या पापणीवर माशी बसली, ओठापर्यंत चालत आली. तो हलला नाही. तरुणपणी नाचायचा तेव्हा मला माकड वाटायचा. नुसतं पडून राहायलाही एवढं बळ लागतं, हे त्या दिवशी पाहिलं. मढ्यावरची माशी वारायची आमची सवय. माझा पदर हललाच.

"मावशी, काय केलंत! पुन्हा घ्यावं लागेल," दिग्दर्शक ओरडला.

तिरडीवरून तो म्हणाला, "ओरडू नका त्यांना. मला आणखी एकदा मरायला मिळतंय."